तुटलेल्या नसेची नोंद : हाताच्या मज्जातंतूंच्या इजा आणि रोगसंकेतांचा इतिहास

आजच्या विषयाचं नाव कागदावर रुक्ष दिसतं, पण सुरुवात आपल्या रोजच्या बोलण्यातल्या एका शब्दापासून करू. काच लागली, पत्रा लागला, कोयता निसटला, हात कापला की माणूस दवाखान्यात येऊन सांगतो, ‘डॉक्टर, नस तुटली.’ आता मराठीत नस म्हणजे रक्तवाहिनी. नस म्हणजे बोट ओढणारी स्नायूची दोरीही. आणि नस म्हणजे मज्जातंतूही. कोपर आणि मनगट यांच्या मधल्या वीतभर जागेत या तिन्ही गोष्टी शेजारीशेजारी धावतात. रक्तवाहिनी कापली तर भळाभळा वाहते, सगळे तिच्याकडे धावतात. दोरी तुटली तर बोट वाकत नाही, तेही दिसतं. मज्जातंतू तुटतो तेव्हा मात्र गडबड काहीच होत नाही. जखम शिवली जाते, पट्टी बांधली जाते, आणि दोन आठवड्यांनी टाके काढताना माणूस म्हणतो, ‘करंगळी बधीर वाटतेय.’

आज आपण बघणार आहोत, ती या बधीर करंगळीची नोंद. जगभरच्या रुग्णालयांत प्रत्येक आजाराला, प्रत्येक इजेला एक संकेत दिला जातो, ज्याला आपण सरळ ‘कोड’ म्हणतो. हे कोड ज्या ग्रंथातून येतात तो म्हणजे आंतरराष्ट्रीय रोगवर्गीकरण, म्हणजेच आयसीडी. विम्याचे पैसे, सरकारी आकडेवारी, कुठं कसला विभाग उघडायचा याचे निर्णय, हे सगळं पुढं त्या कोडवर चालतं. म्हणजे जे कोडमध्ये उतरलं नाही, ते मोजणाऱ्यांच्या दृष्टीनं घडलंच नाही.

थोडं शरीरशास्त्र आधी सांगून टाकू. कोपर ते मनगट या भागाला पुस्तकात अग्रबाहू म्हणतात. बोलण्यात हा शब्द कुणी वापरत नाही, आपणही फारसा वापरणार नाही. इथून तीन मोठे मज्जातंतू जातात. अल्नर हा करंगळीच्या बाजूचा. कोपर कशावर तरी आपटल्यावर जो झणका बसतो, तो याचाच. मीडियन मधोमध जातो. अंगठा, तर्जनी, मधलं बोट यांची जाण त्याच्याकडे. शर्टाचं बटण न बघता लावता येतं ते मीडियनमुळे. आणि रेडियल मागच्या बाजूचा, मनगट वर उचलणारा. तो गेला की हात मनगटातून लोंबतो.

हे वर्गीकरण मुळात कशासाठी जन्माला आलं? मेलेल्यांची मोजदाद करण्यासाठी. लंडनमध्ये दर आठवड्याला मृतांच्या याद्या निघत, त्यांच्यावरून जॉन ग्राँटनं १६६२ मध्ये पुस्तक लिहिलं. १९व्या शतकात इंग्लंडच्या नोंदणी कार्यालयात विल्यम फार बसला आणि मृत्यूची कारणं कशी लावायची याचा त्यानं पद्धतशीर विचार केला. १८५३ मध्ये ब्रुसेल्सच्या सांख्यिकी परिषदेनं फार आणि जिनिव्हाचा मार्क देस्पिन यांच्यावर सर्व देशांना चालेल अशी यादी करण्याचं काम सोपवलं. ती यादी सर्वमान्य झाली नाही. झाली ती पॅरिसच्या झाक बर्तियाँची, १८९३ मध्ये शिकागोला मांडलेली. (याचाच भाऊ आल्फाँस बर्तियाँ, पोलिसांसाठी गुन्हेगारांची मापं घेणारा. एका घरातले दोन भाऊ, एक मेलेल्यांना खणात घालतोय, दुसरा जिवंतांना.) १९०० साली पॅरिसमध्ये या यादीची पहिली सुधारणा झाली, आणि पुढं दर दहा वर्षांच्या आसपास होत राहिली.

अल्नर मज्जातंतू तुटून कुणी मरत नाही. म्हणून या यादीत त्याला जागा असण्याचं कारणच नव्हतं. सुतार पटाशी धरू शकत नाही, विणकराचा धागा सुटतो, बाईला भाकरी थापता येत नाही, पण माणसं जगतात आणि यादीबाहेर राहतात.

यादीबाहेर मात्र याच काळात फार मोठं काम चाललं होतं, आणि ते बहुतेक सगळं युद्धांनी करून घेतलं. अमेरिकेतलं यादवी युद्ध घ्या. फिलाडेल्फियाच्या टर्नर्स लेन रुग्णालयात मज्जातंतूंना गोळी लागलेले सैनिक एकत्र ठेवले होते. तिथं सायलस वियर मिचेल, जॉर्ज मोरहाऊस आणि विल्यम कीन या तिघांनी एकेका सैनिकाचं टिपण ठेवलं आणि १८६४ मध्ये त्यावर पुस्तक काढलं. त्यात एक विलक्षण वेदना नोंदलेली आहे : जखम भरून आलेली असते, तरी हात आतून भाजत राहतो, कुणी नुसतं शेजारून चालत गेलं तरी सहन होत नाही. हे सैनिक ओलं फडकं हातावर धरून बसत, सारखं पाणी ओतत. मिचेलनं या दाहाला पुढं ‘कॉझाल्जिया’ नाव दिलं.

मग पहिलं महायुद्ध. १९१५ मध्ये झूल टिनेल या फ्रेंच डॉक्टरनं एक साधी खूण सांगितली. दुखावलेल्या मज्जातंतूवर बोटानं हलकेच ठोकायचं. दुखलं तर एक अर्थ, पण मुंग्या आल्या तर वेगळा : तंतूची कोवळी टोकं तिथवर वाढत पोचली आहेत. त्याच वर्षी जर्मनीच्या बाजूनं पॉल हॉफमननंही हेच सांगितलं, दोघं खंदकांच्या दोन बाजूंना. टिनेलनं वापरलेला फ्रेंच शब्द ‘मुंगी’वरूनच झालेला आहे. म्हणजे आपल्या आजीच्या ‘हाताला मुंग्या आल्या’ या तक्रारीत आणि फ्रेंच सैनिकाच्या तक्रारीत तसूभरही फरक नाही.

सगळ्यात महत्त्वाचा टप्पा दुसऱ्या महायुद्धातला. ऑक्सफर्डमध्ये हर्बर्ट सेडननं १९४३ मध्ये मज्जातंतूच्या इजेचे तीन प्रकार मांडले. आजचं पुढचं सगळं यावर अवलंबून आहे, म्हणून इथं जरा थांबू. मज्जातंतू म्हणजे टेलिफोनच्या जाड केबलसारखा असतो : बाहेर आवरण, आत हजारो तारा. पहिल्या प्रकारात तारा शाबूत आहेत, फक्त संदेश थांबलाय. यात काही करायचं नसतं. दिवसांत किंवा आठवड्यांत हात परत येतो. दुसऱ्या प्रकारात आतल्या तारा तुटल्या, पण नळ्या शिल्लक आहेत. तारा पुन्हा वाढतात, पण दिवसाला साधारण १ मिलिमीटर या वेगानं. तिसऱ्या प्रकारात केबलच तुटली. इथं कितीही वाट पाहिली तरी आपोआप काही होत नाही. शिवावं लागतं, आणि वेळेत शिवावं लागतं. १९५१ मध्ये मेलबर्नच्या सिडनी संडरलंडनं या तिनाचे पाच प्रकार केले. स्नायूची ताकद ० ते ५ अशी मोजायची जी पद्धत आज प्रत्येक शिकाऊ डॉक्टर वापरतो, तीही याच युद्धकाळात ब्रिटिश वैद्यकीय संशोधन मंडळानं मज्जातंतूंच्या इजांसाठीच बसवली.

म्हणजे १९५१ पर्यंत शल्यचिकित्सकाला नक्की ठाऊक होतं की तीन प्रश्न विचारायचे : कोणता मज्जातंतू, कुठल्या उंचीवर, आणि किती प्रमाणात तुटला? आता नोंदवहीकडे परत जाऊ आणि तिनं या तीन प्रश्नांचं काय केलं ते बघू.

१९४८ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेकडे हे काम आलं आणि सहाव्या सुधारणेत पहिल्यांदा नुसत्या मृत्यूंसोबत आजारपणांचीही नोंद ग्रंथात आली. इजांसाठी दोन समांतर याद्या झाल्या : एक इजा कशानं झाली याची, दुसरी इजा काय झाली याची. मृत्यूच्या आकडेवारीत पहिल्या यादीला मान. माणूस कशानं मेला, तर मोटार अपघातानं. त्यामुळे मज्जातंतूला ग्रंथात घर मिळालं, पण ते दुसऱ्या यादीत, मागच्या आळीत.

१९७९ पासून वापरात आलेल्या नवव्या आवृत्तीत चित्र स्पष्ट दिसतं. तिथं इजा प्रकारानुसार लावल्या होत्या : सगळे अस्थिभंग एकीकडे, सगळ्या उघड्या जखमा एकीकडे, सगळ्या मज्जातंतूंच्या इजा एकीकडे. खांदा आणि हात यांतल्या मज्जातंतूंसाठी ९५५ हा अंक. ९५५.१ मीडियन, ९५५.२ अल्नर, ९५५.३ रेडियल. पहिल्या प्रश्नाचं उत्तर मिळालं. दुसऱ्याचं नाही. अल्नर काखेजवळ तुटो की मनगटाजवळ, कोड एकच.

याचा तोटा काय? अल्नरची एक गंमत आहे, तिला ‘अल्नर विरोधाभास’ म्हणतात. मनगटाजवळ तुटला तर करंगळी आणि अनामिका पंजासारखी आखडतात, हात भयंकर दिसतो. कोपराजवळ तुटला तर आखडणं कमी, कारण बोट टोकापर्यंत ओढणारा स्नायूच लुळा पडलेला असतो. म्हणजे दिसायला वाईट ती इजा बरी, आणि दिसायला बरी ती वाईट, कारण तिथून बोटापर्यंतचा रस्ता लांब. इतकंच नाही, तर कोपराजवळची इजा सुधारू लागली की तो स्नायू आधी जागा होतो आणि बोटं जास्त आखडतात. रुग्ण घाबरून विचारतो, ‘हे बिघडलं कसं?’ उंची न लिहिणाऱ्या नोंदीत हे दोन हात एकाच खणात पडून राहिले.

जागतिक आरोग्य सभेनं १९९० मध्ये दहावी आवृत्ती मान्य केली आणि रचना आडवीची उभी झाली. आता आधी अवयव, मग इजेचा प्रकार. डोकं, मान, छाती असं करत ‘एस ५०’ ते ‘एस ५९’ हे खण कोपर आणि त्याखालच्या हाताला मिळाले. त्यातला एस ५१ उघडी जखम, एस ५२ अस्थिभंग आणि एस ५४ मज्जातंतू. एस ५४.० अल्नर, एस ५४.१ मीडियन, एस ५४.२ रेडियल. दंडात इजा असेल तर एस ४४, मनगट-पंजात असेल तर एस ६४. उंची आली! हे खरंच मोठं पाऊल होतं, आणि ते टाकणाऱ्यांना त्याचं श्रेय द्यायला हवं.

पण ग्रंथात बारीक अक्षरात एक ओळ आहे. एस ५४.० च्या खाली लिहिलंय : अल्नर, जागा न सांगितलेली. मीडियन आणि रेडियलच्या खालीही तसंच. याचा अर्थ असा, की डॉक्टरनं कागदावर नुसतं ‘रेडियल नर्व्ह इन्ज्युरी’ लिहिलं आणि कुठं ते लिहिलं नाही, तर कोड लावणारा नियमानुसार तिला कोपराखाली टाकणार. आता रेडियल मज्जातंतू सर्वांत जास्त दुखावतो तो दंडात, जिथं तो हाडाला लगटून वळसा घेतो. दंडाचं हाड मोडलं की हात लोंबतो, ही प्रत्येक अस्थिरोग विभागात दिसणारी गोष्ट. डॉक्टर घाईत, जागा लिहायची राहिली, तर दंडातली इजा आकडेवारीत कोपराखाली उतरते. एस ५४ ची मोजदाद वाचताना आपल्याला दोन गर्दी एकत्र मोजाव्या लागतात : खरोखर तिथं जखमी झालेले, आणि ज्यांची जागा कुणी लिहिलीच नाही असे. आमच्या मते या खणाबद्दलची ही सगळ्यात महत्त्वाची गोष्ट आहे, आणि कोणत्याही तक्त्याखाली ती छापलेली नसते.

आता अमेरिकेत जाऊ, कारण तिथली गोष्ट शेवटी आपल्याकडे येते. अमेरिकेनं दहाव्या आवृत्तीची स्वतःची वाढवलेली प्रत १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू केली. सुमारे १४ हजार निदान-कोडचे सुमारे ७० हजार झाले. आणि ते कोड लावणारी माणसं मोठ्या संख्येनं भारतात आहेत : चेन्नई, हैदराबाद, तसंच पुणे आणि नवी मुंबईतही. जीवशास्त्राची, फार्मसीची, फिजिओथेरपीची पदवी घेतलेली मुलंमुली कुठल्यातरी अमेरिकन गावातल्या कापलेल्या हाताचा अहवाल वाचून एस ५४.०१ एक्स ए असं टंकतात. यातला ‘१’ म्हणजे उजवा हात, ‘२’ असता तर डावा. ‘एक्स’ नुसता जागा भरायला. शेवटचं अक्षर तीनपैकी एक : ‘ए’ म्हणजे सक्रिय उपचार चालू, ‘डी’ म्हणजे नंतरची देखभाल, ‘एस’ म्हणजे मागं राहिलेला परिणाम. नवशिक्यांचा घोळ हमखास इथंच होतो : ‘ए’ला ते पहिली भेट समजतात. पण महिन्यानं शस्त्रक्रिया झाली तरी ‘ए’च, कारण उपचार अजून चालू आहे.

या ७० हजारांची चेष्टाही पुष्कळ झाली. कासव चावलं तर एक कोड आणि कासवाचा नुसता धक्का बसला तर दुसरा, हे खरोखर त्यात आहे. पण आपल्याला हसू वेगळ्याच जागी यायला हवं. कासवाचा चावा आणि धक्का यांत फरक करणाऱ्या ग्रंथात, नुसता दबलेला मज्जातंतू आणि आरपार तुटलेला मज्जातंतू यांत फरक करणारं एकही अक्षर एस ५४ मध्ये नाही. सेडनचा तिसरा प्रश्न तिथं विचारलेलाच नाही.

आणि शेजारी बघा. एस ५२, म्हणजे त्याच हातातली मोडलेली हाडं. तिथं शेवटच्या अक्षराला तीन नव्हे, १६ पर्याय आहेत : बंद मोड, उघडी मोड, उघडी असल्यास किती गंभीर, नंतर नीट भरतेय का, उशीर लागतोय का, वाकडं जुळलं का, जुळलंच नाही का. हाड सांधलं की नाही हे नोंदवही सोळा परींनी विचारते. मज्जातंतू सांधला की नाही हे विचारतच नाही.

असं का झालं असावं? ग्रंथ रचणारे अडाणी नव्हते. आम्हाला कारण असं दिसतं, की हाड पहिल्याच दिवशी क्ष-किरणात दिसतं. मज्जातंतूचा प्रकार पहिल्या दिवशी बहुधा कळत नाही. जखम उघडून बघितली तरच कळतो, नाहीतर विद्युत तपासणीत नीट दिसायला सुमारे तीन आठवडे जातात. कोड मात्र रुग्ण घरी जाताना लागतो. जे त्या दिवशी ठाऊक नसतं त्याला खण ठेवून उपयोग काय, असं कुणालाही वाटेल. पण मग तीन आठवड्यांनी, तीन महिन्यांनी जेव्हा ते ठाऊक होतं, तेव्हा लिहायला जागा हवी होती की नाही? हाडाला ती मिळाली.

ही चैनीची बाब नाही. कोपराजवळ अल्नर तुटला तर तिथून पंजाच्या स्नायूंपर्यंत अंतर वीत-दीड वीत. दिवसाला १ मिलिमीटरनं हिशेब करा, वर्षाच्या आसपास जातो. आणि वर्ष-दीड वर्ष संदेश न मिळालेला स्नायू सुकतो. मग तंतू पोचला तरी उपयोग नसतो. म्हणजे ‘थोडं थांबून बघू’ म्हणत सहा महिने गेले तर ते परत मिळत नाहीत. असे किती लोक थांबत राहिले, किती वेळेत शिवले गेले, हे एस ५४ च्या आकड्यांतून काढायला गेलो तर निघत नाही. हाताच्या शस्त्रक्रियेचा विभाग जिल्ह्याच्या रुग्णालयात हवा की नको, हे ठरवणाऱ्यापुढं तो आकडा नसतोच.

वर्गीकरण म्हणजे फक्त रुग्णालयाचं प्रकरण, असंही समजू नका. आपल्याकडचे कायदे बघा. १८६० च्या भारतीय दंड संहितेत ‘गंभीर दुखापत’ कशाला म्हणायचं याची यादी होती. हाड किंवा दात मोडला, की गंभीर, वाद नाही. मज्जातंतूचं नाव यादीत नाही. हात कायमचा अधू झाला हे सिद्ध करून दुसऱ्या कलमातून आत यावं लागतं. म्हणजे भांडणात एक दात पडला तर काम लगेच झालं, आणि मीडियन तुटून हाताची अर्धी जाण गेली तर पुरावा आणा! २०२४ मध्ये आलेल्या न्याय संहितेत ही यादी जवळपास तशीच आहे, फक्त २० दिवसांच्या वेदनेचे १५ दिवस झाले.

किंवा कामगारांच्या भरपाईचा १९२३ चा कायदा. त्याच्या परिशिष्टात टक्के बांधलेले होते : अंगठा गेला तर ३०, पंजा गेला तर ६०. अवयवाचा उपयोग पूर्ण आणि कायमचा गेला तर अवयवच गेला असं धरायचं, अशी टीपही होती. पण मज्जातंतूच्या इजेत उपयोग ‘पूर्ण’ क्वचितच जातो. बोटं पाचही जागेवर असतात, फक्त स्क्रू हातातून निसटतो. अशा हाताचे टक्के डॉक्टरच्या दाखल्यावर, आणि दाखल्यातल्या शब्दांवर.

जाता जाता एक खण आणखी. आपल्या भागात आखडलेली करंगळी दिसली की पूर्वी पहिली शंका कुष्ठरोगाची यायची, कारण तो रोग अल्नरला कोपरापाशीच गाठतो. वेल्लोरला पॉल ब्रँड आणि आपल्याकडे पुण्यात कोंढव्याला व नंतर जेजेमध्ये डॉ. नोशीर अंतिया यांनी अशा हातांवर शस्त्रक्रिया केल्या. पण नोंदवहीत तो हात ‘ए ३०’ या संसर्गजन्य रोगांच्या प्रकरणात. आणि लहानपणी कोपर मोडून वाकडं जुळलेल्या माणसाला वीस वर्षांनी करंगळी बधीर झाली, जे फ्रान्सच्या पानासनं १८७८ मध्येच सांगितलं होतं, तर तो ‘जी ५६’ या मज्जासंस्थेच्या प्रकरणात. काच लागली असेल तरच एस ५४. तिघांचे हात टेबलावर शेजारी ठेवले तर वेगळे ओळखता येणार नाहीत, पण ग्रंथात ते तीन वेगळ्या गावांचे रहिवासी.

अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून अमलात आली. तिच्यात मूळ कोडला दुसरे कोड जोडून साखळी करता येते. दार उघडलंय, पण साखळी जोडायची तर जोडण्याजोगं काहीतरी कागदावर लिहिलेलं हवं.

आणि तो कागद लिहितो कोण? रात्री दोन वाजता टाके घालणारा शिकाऊ डॉक्टर. कोड लावणाऱ्यांच्या कामात एक पद्धत आहे, त्यांना स्वतःहून काही गृहीत धरायची मुभा नसते. अहवाल अपुरा वाटला तर ते डॉक्टरला लेखी विचारतात, याला ते ‘क्वेरी’ म्हणतात. कोणता मज्जातंतू? कुठं? जखम उघडून पाहिली का, आणि काय दिसलं? हा कागद डॉक्टरांना कटकटीचा वाटतो, बऱ्याचदा उत्तरच येत नाही. उत्तर नाही आलं तर नाव ठाऊक असलेली अल्नर जाते एस ५४.० मध्ये, कोपराखाली, आणि नावही ठाऊक नसेल तर एस ५४.९, म्हणजे कोणता मज्जातंतू ते सांगितलेलं नाही. प्रश्नोत्तरांसाठी आपल्याकडे पंधरा मिनिटं आहेत. सभागृहात कुणी नोंद विभागात काम करणारे असतील तर त्यांनी आधी बोलावं.